सीए होऊन स्वतःच्या नावाने सही करायची आहे: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ही माहिती भारतातल्या सनदी लेखापाल, म्हणजे चार्टर्ड अकाउंटंट होण्याच्या मार्गाबद्दल आहे. १ जुलै २०२३ पासून लागू झालेली नवी शिक्षण-प्रशिक्षण योजना इथे गृहीत धरली आहे. या मार्गात तीन परीक्षा आहेत: फाउंडेशन, इंटरमीजिएट (इंटर) आणि फायनल. जुन्या योजनेतले दादा-ताई अजूनही 'तीन वर्षांची आर्टिकलशिप' (सीएच्या हाताखालची उमेदवारी) आणि 'आठ पेपरांचे फायनल' असे सांगतात. त्यांच्यासाठी ते खरे होते. आज नोंदणी करणाऱ्यासाठी नाही.

सीए झालो म्हणजे ऑडिटवर सही करता येते का?

नाही. बहुतेक घरांत हा गोंधळ असतो, म्हणून तो सुरुवातीलाच सोडवलेला बरा. यात तीन वेगवेगळे टप्पे आहेत.

पहिला टप्पा फायनल परीक्षा उत्तीर्ण होण्याचा. दुसरा इन्स्टिट्यूट ऑफ चार्टर्ड अकाउंटंट्स ऑफ इंडियाचे सभासद होण्याचा. सभासदत्व मिळून नोंदवहीत नाव चढले की मगच नावाआधी 'सीए' लावता येते. निकाल लागल्या दिवशी नव्हे. तिसरा टप्पा व्यवसाय करण्याचा परवाना, म्हणजे सर्टिफिकेट ऑफ प्रॅक्टिस. सगळे त्याला सीओपी म्हणतात. कंपनीच्या ताळेबंदावर लेखापरीक्षक म्हणून, कर परीक्षण अहवालावर किंवा बँकेला लागणाऱ्या प्रमाणपत्रावर सही करायची असेल तर हा तिसरा टप्पा पार करावाच लागतो. नोकरीच करायची असेल तर सभासदत्व पुरते.

हे सगळे चार्टर्ड अकाउंटंट्स अधिनियम, १९४९ खाली चालते. कायदा १ जुलै १९४९ ला अमलात आला, म्हणून १ जुलै हा सीए दिवस. त्याआधीच्या इतिहासात मुंबईचा वाटा मोठा आहे: १९१८ मध्ये मुंबई सरकारने हिशेबशास्त्राची सरकारी पदविका सुरू केली होती आणि तिच्यासोबत अनुभवी लेखापालाच्या हाताखाली तीन वर्षे काम करण्याची अट होती. परीक्षा आणि उमेदवारी यांची सांगड तेव्हापासूनची आहे.

सुरुवात केव्हा करता येते? कोणती शाखा लागते?

दहावीनंतर फाउंडेशनसाठी नाव नोंदवता येते, परीक्षा मात्र बारावीनंतरच देता येते. शाखेची अट नाही. कला किंवा विज्ञान शाखेची मुलेही येतात. विज्ञानवाल्यांना तिसरा पेपर सोपा जातो आणि पहिला अवघड, वाणिज्यवाल्यांचे बऱ्याचदा उलट होते. वयाची वरची मर्यादा नाही. सभासदत्वाच्या अर्जाच्या वेळी मात्र २१ वर्षे पूर्ण असावी लागतात.

परीक्षेआधी किमान चार महिने नोंदणी झालेली असावी लागते. परीक्षा वर्षातून तीनदा होतात, म्हणून तारखाही तीन: जानेवारीच्या परीक्षेसाठी १ सप्टेंबर, मे-जूनसाठी १ जानेवारी आणि सप्टेंबरसाठी १ मे. बारावीची परीक्षा देऊन लगेच उन्हाळ्यात फाउंडेशन द्यायचे असेल तर डिसेंबर संपायच्या आत नोंदणी उरका. 'बारावी झाली की बघू' म्हणणाऱ्यांचे पहिलेच सत्र इथे जाते. नोंदणी चार वर्षे चालते.

नोंदणीत सर्वांत जास्त अडते ते नावावर. दहावीच्या गुणपत्रिकेवर आडनाव आधी, आधारवर शेवटी, कुठे वडिलांचे नाव आहे, कुठे नाही. इन्स्टिट्यूटकडे जे नाव नोंदले जाईल तेच पुढे सभासद प्रमाणपत्रापर्यंत चालते. म्हणून अर्ज भरण्याआधीच आधार दुरुस्त करून घ्या.

फाउंडेशनमध्ये काय असते?

प्रत्येकी १०० गुणांचे चार पेपर: लेखाशास्त्र, व्यवसायविषयक कायदे, क्वांटिटेटिव्ह अ‍ॅप्टिट्यूड आणि व्यावसायिक अर्थशास्त्र. पहिले दोन लेखी, तीन-तीन तासांचे. पुढचे दोन बहुपर्यायी प्रश्नांचे, दोन-दोन तासांचे. तिसऱ्या पेपरात गणिताला ४०, तर्काला २० आणि सांख्यिकीला ४० गुण असतात.

बहुपर्यायी पेपरांत चुकलेल्या उत्तरामागे पाव गुण कापला जातो. शंभरपैकी ६० बरोबर आणि ४० चूक असतील तर ६० नव्हे, ५० गुण हाती येतात. तेच विद्यार्थ्याने ६० बरोबर सोडवून, २० चुकवून, २० सोडून दिले असते तर ५५. एकूण गुणांत दोन-तीन गुणांनी नापास होणारे बरेच जण लेखाशास्त्रात कमी पडलेले नसतात, या पाव-पाव गुणांनी गेलेले असतात.

मराठी माध्यमातून शिकलो. परीक्षा मराठीत देता येते का?

नाही. इंग्रजी आणि हिंदी हे दोनच पर्याय आहेत.

यावरून धीर सोडण्याचे कारण नाही, पण पहिले दोन-तीन महिने वेगळा सराव ठेवावा लागतो. कीर्द, खतावणी, तेरीज, ताळेबंद, नावे-जमा हे सगळे तुम्हाला येते. फक्त त्याच गोष्टींची इंग्रजी नावे डोळ्यांना सवयीची नाहीत. एका वहीत डावीकडे मराठी संज्ञा, उजवीकडे इंग्रजी अशी यादी करा. पुस्तपालन व लेखाकर्म आणि चिटणिसाची कार्यपद्धती या बारावीच्या पुस्तकांतूनच तीनेकशे शब्द निघतील. लेखाशास्त्रात आकडेच बोलतात, तिथे भाषा फारशी आड येत नाही. खरी अडचण कायद्याच्या पेपरात येते. तिथे तरतूद, प्रसंगाला ती कशी लागू होते आणि निष्कर्ष, अशा तीन भागांत छोट्या-छोट्या इंग्रजी वाक्यांत उत्तर लिहा. व्याकरण साधे असले तरी चालते. तरतूद चुकली तर मात्र गुण जातात.

हिंदी माध्यम निवडताना एवढाच विचार करा की पुढे ऑफिसातली कागदपत्रे, लेखापरीक्षणाची मानके आणि अहवाल बहुतांशी इंग्रजीतच हाताळायचे आहेत.

पदवीधरांना फाउंडेशनमधून सूट आहे का?

आहे. वाणिज्य पदवीधराला किमान ५५ टक्के आणि इतर शाखांच्या पदवीधराला किमान ६० टक्के असतील तर थेट इंटरमीजिएटला नोंदणी होते. वाणिज्यच्या सवलतीसाठी लेखा, लेखापरीक्षण, व्यापारी वा कंपनी कायदा, अर्थशास्त्र, कर, परिव्यय, व्यवस्थापन अशा विषयांपैकी किमान तीन पेपर प्रत्येकी १०० गुणांचे शिकलेले असावे लागतात. कंपनी सेक्रेटरी किंवा कॉस्ट अकाउंटंटची मधली परीक्षा उत्तीर्ण असाल तरीही थेट प्रवेश मिळतो. पदवीच्या शेवटच्या वर्षात असताना तात्पुरती नोंदणी करता येते. ती नंतर गुणपत्रिका देऊन पक्की करावी लागते.

५३-५४ टक्क्यांवर अडकलेल्यांनी टक्के सुधारायला पुन्हा परीक्षा देण्यापेक्षा फाउंडेशनच देऊन टाकावे. सहसा तो मार्ग लवकर संपतो.

इंटरमीजिएटचे स्वरूप काय?

सहा पेपर, दोन ग्रुप. पहिल्यात प्रगत लेखाशास्त्र, कंपनी व इतर कायदे आणि कर (प्राप्तिकर ५०, जीएसटी ५०). दुसऱ्यात परिव्यय व व्यवस्थापन लेखाशास्त्र, लेखापरीक्षण व नीतिमूल्ये आणि वित्तीय व्यवस्थापन-व्यूहात्मक व्यवस्थापन (५०-५०). प्रत्येक पेपरात ३० गुण बहुपर्यायी प्रश्नांचे. नोंदणीनंतर आठ महिन्यांचा अभ्यासकाळ लागतो. नोंदणी पाच वर्षे चालते.

कराच्या पेपरात जुन्या वर्षाची पुस्तके घेऊन बसू नका. मोठ्या भावंडाची पुस्तके लेखाशास्त्राला चालतील, कराला नाहीत. तुमच्या सत्राला कोणता वित्त अधिनियम लागू आहे आणि कोणत्या तारखेपर्यंतच्या अधिसूचना धरायच्या, हे इन्स्टिट्यूट प्रत्येक सत्राआधी जाहीर करते. त्या सत्राच्या रिव्हिजन टेस्ट पेपरात झालेले बदल एकत्र दिलेले असतात. तो शेवटच्या महिन्यात वाचायचा नसतो. हातात पडला की पुस्तकात त्या-त्या पानावर बदल लिहून घ्यायचे.

४० आणि ५० चा नियम नेमका कसा चालतो?

प्रत्येक पेपरात किमान ४० आणि एकूण किमान ५० टक्के. दोन्ही अटी एकाच वेळी पुऱ्या व्हाव्या लागतात. इंटर आणि फायनलमध्ये ही बेरीज ग्रुपवर मोजली जाते. दोन्ही ग्रुप एकत्र दिले असतील तर दोन्हींची मिळूनही मोजतात.

आकड्यांत पाहू. एका ग्रुपात ६२, ३८, ५५ मिळाले. बेरीज १५५, म्हणजे दीडशेच्या वर, पण एका पेपरात ३८ असल्याने ग्रुप गेला. ज्यात ६० किंवा जास्त आहेत त्या पेपराची सूट मिळते, म्हणजे एक्झम्प्शन. तो पेपर पुढच्या तीन सत्रांत पुन्हा द्यावा लागत नाही आणि ते ६२ गुण बेरजेत धरले जातात. आता पुढच्या सत्रात उरलेल्या दोन पेपरांत ४२ आणि ४४ मिळाले तर बेरीज १४८. पुन्हा नापास, दोन गुणांनी. म्हणजे सूट घेऊन बसताना लक्ष्य ४०-४० नसते. दोन पेपरांत मिळून ८८ लागतात. ही वजाबाकी सूट मिळालेल्या प्रत्येकाने अभ्यासाच्या पहिल्याच दिवशी करायला हवी. सूट मिळण्यासाठी त्या ग्रुपचे सगळे पेपर दिलेले असावे लागतात. एक पेपर वाईट गेला म्हणून पुढच्याला दांडी मारली तर इतर पेपरांतले साठच्या वरचे गुणही वाया जातात.

दोन्ही ग्रुप एकत्र देण्याचा फायदा असा: पहिल्यात १४०, दुसऱ्यात १६५ आणि कुठेही ४० च्या खाली नाही, तर एकूण ३०५ म्हणून दोन्ही ग्रुप पार. एकटा पहिला ग्रुप दिला असता तर १४० वर नापास. म्हणून तयारी साधारण सारखी असेल तर दोन्ही ग्रुप एकत्र द्यावेत असे आमचे स्पष्ट मत आहे. एका ग्रुपचा अभ्यास झालेलाच नसेल तर मात्र त्या ग्रुपचा अर्ज भरून दुसऱ्याचीही तयारी पातळ करू नये.

आर्टिकलशिप कधी सुरू होते आणि किती काळ असते?

इंटरचे दोन्ही ग्रुप उत्तीर्ण झाल्यावर, सलग दोन वर्षे. एका ग्रुपवर सुरुवात करण्याची जुनी सोय आता नाही.

त्याआधी आयसीआयटीएसएस हे इन्स्टिट्यूटचे माहिती तंत्रज्ञान व व्यवहारकौशल्यांचे प्रशिक्षण पूर्ण हवे. त्याचे दोन भाग: माहिती तंत्रज्ञान आणि ओरिएंटेशन, प्रत्येकी १५ दिवस, ९० तास. इंटरच्या नोंदणीनंतर ते केव्हाही करता येते. पण बहुतेक जण निकालाची वाट पाहतात आणि निकालानंतर शाखांमधल्या तुकड्या भरलेल्या असतात. यात महिना-दीड महिना जातो आणि तेवढ्यानेच पुढे फायनलचे एक अख्खे सत्र हुकते. इंटरची परीक्षा संपली की निकालाआधीच्या दोन महिन्यांत दोन्ही भाग उरकून टाका. पुणे, नाशिक, नागपूर, कोल्हापूर, सोलापूर, सांगली, गोवा अशा शाखांच्या तुकड्यांच्या तारखा इन्स्टिट्यूटच्या पोर्टलवर दिसतात. आपल्या गावाची तुकडी भरली असेल तर शेजारच्या शाखेत जागा पाहा.

आर्टिकलशिपची कागदपत्रे कोणती? त्यात काय चुकते?

मुद्रांक कागदावरचा करारनामा म्हणजे फॉर्म १०२ आणि नोंदणीचा तपशील म्हणजे फॉर्म १०३. फॉर्म १०३ काम सुरू केल्यापासून ३० दिवसांच्या आत जायला हवा. आता हे इन्स्टिट्यूटच्या सेल्फ सर्व्हिस पोर्टलवरून होते आणि ते तुमच्या प्रिन्सिपलने, म्हणजे ज्यांच्या हाताखाली तुम्ही काम करता त्या सीएंनी, मंजूर करावे लागते.

नेहमीच्या चुका अशा. मुद्रांक काम सुरू झाल्यानंतरच्या तारखेचा घेतलेला असतो. करारातली आणि फॉर्ममधली सुरुवातीची तारीख जुळत नाही. विद्यार्थ्याने फॉर्म भरला, पण प्रिन्सिपलच्या लॉगिनमध्ये तो मंजुरीविना पडून राहिला, आणि 'भरला आहे' एवढ्यावर दोघेही निर्धास्त. उशीर झाला तर दंड भरून माफी मागावी लागते आणि काही वेळा मधला काळ मोजलाच जात नाही. पोर्टलवर नोंदणी मंजूर झाल्याचे पत्र स्वतः उतरवून घ्या. ते हातात आले की काम झाले असे समजा.

प्रशिक्षण संपल्यावर फॉर्म १०८. मध्येच सोडायचे असेल तर फॉर्म १०९, आणि त्यावर प्रिन्सिपलची सही लागते. ऑफिस बदलणे म्हणूनच सोपे नसते.

रजा, कामाचे तास आणि विद्यावेतन?

रजा वर्षाला १२, म्हणजे दोन वर्षांत २४. जास्त घेतल्या तर तेवढे दिवस प्रशिक्षण लांबते, आणि ते लांबले की फायनलची तारीखही पुढे जाते. आठवड्याला किमान ३५ तास काम, जेवणाची सुट्टी सोडून. विद्यावेतनाची किमान रक्कम शहराच्या लोकसंख्येवर आणि तुमचे पहिले वर्ष आहे की दुसरे यावर ठरते. ते किमान आहे, चांगली ऑफिसे जास्त देतात. रक्कम बँक खात्यातच घ्या.

मोठी फर्म घ्यावी की गावातले ऑफिस?

पुढे स्वतःची प्रॅक्टिस करायची असेल तर मध्यम आकाराचे ऑफिस बहुधा जास्त शिकवते. पाच-दहा जणांच्या ऑफिसात एका वर्षात प्राप्तिकर विवरणपत्रे, जीएसटी, एखाद्या सहकारी बँकेचे ऑडिट, ट्रस्टचे हिशेब, कर विभागाच्या नोटिशीला उत्तर, असे सगळे हाताखालून जाते. मोठ्या फर्ममध्ये एकाच मोठ्या कंपनीच्या एकाच भागावर तीन महिने जाऊ शकतात. पण तिथली कामाची शिस्त, कागदोपत्री पुरावे जपण्याची पद्धत आणि भारतीय लेखा मानकांचा प्रत्यक्ष वापर छोट्या ऑफिसात क्वचित मिळतो. नोकरीच्या बाजारात त्या नावाला वजनही असते.

मुलाखतीत तुम्हीही विचारा: ऑडिट आणि कर यांचे कामातले प्रमाण काय? बाहेरगावच्या कामाचा खर्च कोण देते? परीक्षेआधी रजेचे काय? ज्या ऑफिसात फक्त नोंदी टाकायचे काम आहे तिथे दोन वर्षे घालवू नका.

प्रशिक्षणाचे शेवटचे ९ ते १२ महिने एखाद्या मान्यताप्राप्त उद्योगात घालवण्याची सोय आहे. नोकरी करायची असलेल्यांनी तिचा जरूर विचार करावा.

कागदोपत्री आर्टिकलशिप करून घरी अभ्यास केला तर?

करू नका. तो सरळ गैरव्यवहार आहे. उघड झाले तर प्रशिक्षण रद्द होते आणि सही देणाऱ्या सीएवर शिस्तभंगाची कारवाई होते. त्याहून मोठे नुकसान म्हणजे सीओपी घेतल्यावर पहिल्याच ऑडिटला स्टॉक कसा तपासायचा हे येत नसते, आणि तेव्हा सही मात्र तुमची असते.

फायनलला बसण्याआधी काय-काय पूर्ण हवे?

चार गोष्टी. दोन वर्षांचे प्रशिक्षण आणि त्यानंतर सहा महिने. एआयसीआयटीएसएस या पुढच्या पायरीच्या प्रशिक्षणाचे दोन भाग, म्हणजे प्रगत माहिती तंत्रज्ञान आणि व्यवस्थापन व संवाद कौशल्ये. सेल्फ-पेस्ड ऑनलाइन मॉड्यूल्स, ज्यांना सगळे 'स्पॉम' म्हणतात. आणि अर्थात फायनलची नोंदणी, जी दहा वर्षे चालते.

स्पॉमचे चार संच आहेत. संच अ आर्थिक व कंपनी कायद्यांचा आणि संच ब व्यूहात्मक परिव्यय व कामगिरी व्यवस्थापनाचा, हे दोन्ही सक्तीचे. संच क मध्ये आंतरराष्ट्रीय कर, फोरेन्सिक अकाउंटिंग, मूल्यांकन, दिवाळखोरी संहिता, जोखीम व्यवस्थापन वगैरेंतून एक निवडायचा. संच ड मध्ये भारताचे संविधान व वकिलीची कला, मानसशास्त्र व तत्त्वज्ञान, उद्योजकता, डिजिटल व्यवस्था यांपैकी एक. प्रत्येकात ५० टक्के लागतात. इथे ४० ची सोय नाही.

अ आणि ब हे जुन्या योजनेतले पूर्ण पेपरच आहेत, त्यांना 'ऑनलाइन आहे, होऊन जाईल' समजू नका. आर्टिकलशिपच्या पहिल्या वर्षात क आणि ड, दुसऱ्या वर्षात अ आणि ब असे वाटून घेतले तर शेवटचे सहा महिने फायनलसाठी मोकळे राहतात. ते शेवटावर ढकलले तर ते अडथळा होऊन बसतात आणि परीक्षेचा अर्जच भरता येत नाही.

फायनलमध्ये कोणते पेपर?

पहिला ग्रुप: फायनान्शियल रिपोर्टिंग, प्रगत वित्तीय व्यवस्थापन, प्रगत लेखापरीक्षण व व्यावसायिक नीती. दुसरा: प्रत्यक्ष कर व आंतरराष्ट्रीय कर, अप्रत्यक्ष कर, आणि इंटिग्रेटेड बिझनेस सोल्युशन्स. हा शेवटचा पेपर पुस्तके जवळ ठेवून द्यायचा असतो, चार तासांचा. प्रत्येक प्रकरणात अनेक विषय एकत्र गुंफलेले असतात. पुस्तक उघडे आहे म्हणून तो सोपा वाटतो, प्रत्यक्षात शोधण्यातच वेळ जातो. ढीगभर पुस्तके नेण्यापेक्षा स्वतः केलेली, पाने चिकटपट्टीने खुणावलेली एक अनुक्रमणिका जास्त कामी येते.

२०२५ पासून फायनलही वर्षातून तीनदा होते.

एकूण किती वर्षे लागतात?

एकही सत्र न चुकता गेलात तर बारावीनंतर चार वर्षांच्या थोडे पुढे. समजा बारावीची परीक्षा २०२७ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये आहे. १ जानेवारी २०२७ पर्यंत फाउंडेशनची नोंदणी, मे-जूनमध्ये परीक्षा, जुलैच्या आसपास निकाल. १ सप्टेंबरच्या आत इंटरची नोंदणी केली तर मे २०२८ ला इंटर. जुलैमध्ये निकाल, ऑगस्टमध्ये आर्टिकलशिप. ती ऑगस्ट २०३० ला संपली की सहा महिन्यांनंतरचे पहिले सत्र मे २०३१.

बऱ्याच जणांना यापेक्षा एक-दोन वर्षे जास्त लागतात. ते नापासाचे लक्षण समजू नये. पालकांनी तर मुळीच नाही.

खर्च किती येतो?

कोचिंग सोडले तर इतर व्यावसायिक शिक्षणापेक्षा बराच कमी. २०२४ मध्ये इंटरच्या दोन्ही ग्रुपची नोंदणी १८,००० रुपये आणि फायनलची २२,००० रुपये होती. परीक्षा शुल्क फाउंडेशनला १,५००, इंटरच्या दोन्ही ग्रुपना २,७००, फायनलच्या दोन्हींना ३,३०० रुपये. प्रशिक्षण वर्गांचे आणि स्पॉमचे शुल्क वेगळे. खरा खर्च खासगी क्लास आणि पुण्या-मुंबईतली राहण्याची सोय यांचा असतो. इन्स्टिट्यूटचे अभ्याससाहित्य, सराव पेपर आणि सुचवलेली उत्तरे संकेतस्थळावर मोफत आहेत. इंटरपर्यंत तेवढ्यावर उत्तीर्ण होणारे विद्यार्थी असतात.

पदवी घ्यायलाच हवी का?

सीएसाठी नाही. तरीही घ्या. परदेशातला व्हिसा, सरकारी जागा, पुढची पदव्युत्तर प्रवेश परीक्षा, सगळीकडे पदवी विचारतात. दूरस्थ शिक्षणातून किंवा नाशिकच्या यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठातून बी.कॉम. करणे आर्टिकलशिपसोबत जमते. नियमित कॉलेज घेतले असेल तर तासांची वेळ ऑफिसच्या वेळेवर येऊ देऊ नका आणि त्या शिक्षणाची परवानगी फॉर्म ११२ भरून घ्या.

निकाल चुकीचा वाटला तर फेरतपासणी होते का?

पुनर्मूल्यांकन होत नाही. निकालानंतर एका महिन्याच्या आत गुणपडताळणी मागता येते: सगळी उत्तरे तपासली का, बेरीज बरोबर आहे का, एवढेच त्यात पाहतात. उत्तरपत्रिकेची प्रमाणित प्रतही मागवता येते. ती जरूर मागवा. ४६-४७ वर अडकलेल्यांना आपण कुठे गुण सोडतो हे तिच्यातून जितके कळते तितके कुठल्याही क्लासमध्ये कळत नाही.

सभासदत्व आणि सीओपी यांचा अर्ज कसा करायचा?

पोर्टलवर सभासदत्वासाठी फॉर्म २ आणि सीओपीसाठी फॉर्म ६. सोबत फायनलची गुणपत्रिका, प्रशिक्षण पूर्ण झाल्याचा दाखला, जन्मतारखेचा पुरावा. सीओपी मागताना अर्जाच्या दिवशी लागू असलेली पात्रतेनंतरच्या अनुभवाची अट आधी वाचून घ्या. दिवाळखोरीतून मुक्त न झालेली व्यक्ती आणि नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा झालेली व्यक्ती कलम ८ नुसार अपात्र ठरते. सुरुवातीचे सभासदत्व एसीए, म्हणजे असोसिएट. पुढे सलग पाच वर्षे प्रॅक्टिस झाली की एफसीएसाठी, म्हणजे फेलो सभासदत्वासाठी, अर्ज करता येतो.

नोकरी करत असतानाही सीओपी ठेवता येतो, पण अशा सभासदाला ऑडिट व प्रमाणन करता येत नाही. पूर्णवेळ सीओपी असलेल्यालाच ती मुभा आहे.

वार्षिक शुल्क १ एप्रिलला देय होते आणि ३० सप्टेंबरपर्यंत भरले नाही तर १ ऑक्टोबरपासून नाव निघते. त्या काळात केलेल्या सह्या हा गंभीर प्रश्न होतो.

परवाना मिळाल्यावर कोणती बंधने येतात?

सर्वांत आधी यूडीआयएन, म्हणजे प्रत्येक कागदाचा स्वतंत्र ओळख क्रमांक. तुम्ही सही केलेल्या प्रत्येक प्रमाणपत्राला आणि ऑडिट अहवालाला १८ अंकी क्रमांक लागतो. त्यात वर्षाचे दोन अंक, तुमचा सहा अंकी सभासद क्रमांक आणि पुढे दहा अक्षरे-अंक असतात. तो सहीच्या तारखेपासून ६० दिवसांत काढायचा असतो. बँका तो तपासतात.

जाहिरात आणि गिऱ्हाईक मागणे दोन्ही मना आहे. दुकानासारखे फलक, वर्तमानपत्रात 'विवरणपत्र भरून मिळेल', व्हॉट्सअ‍ॅपवर दरपत्रक, यातले काहीही चालत नाही. आधीचे लेखापरीक्षक असतील तर त्यांना लेखी कळवल्याशिवाय नवे ऑडिट स्वीकारायचे नाही. पत्र पोहोचल्याचा पुरावा जपा, कारण तक्रार आली तर पहिल्यांदा तोच मागतात. कर परीक्षणांची मर्यादा प्रत्येक सभासदाला वर्षाला ६०. ज्ञान अद्ययावत ठेवण्यासाठी तीन वर्षांत १२० सीपीई (सततच्या व्यावसायिक शिक्षणाचे) तास.

फक्त इंटरपर्यंत पोहोचलो. हाती काही राहते का?

इंटर, आर्टिकलशिप, आयसीआयटीएसएस व एआयसीआयटीएसएस ही दोन्ही प्रशिक्षणे आणि स्पॉम पूर्ण केल्यास 'बिझनेस अकाउंटिंग असोसिएट' हे प्रमाणपत्र मिळते. त्यावर नोकरी मिळू शकते, सहीचा अधिकार मिळत नाही.

अमेरिकी सीपीए किंवा ब्रिटनची एसीसीए ही लेखापालाची परदेशी पात्रता मिळवली तर भारतात ऑडिट करता येते का?

नाही. कंपनी कायदा, २०१३ च्या कलम १४१ नुसार भारतातल्या कंपनीचा लेखापरीक्षक भारतीय सीएच हवा. उलट बाजूने वाट थोडी मोकळी आहे: इंग्लंड-वेल्स, ऑस्ट्रेलिया, कॅनडा यांसारख्या देशांतल्या संस्थांशी परस्पर मान्यतेचे करार झाले आहेत आणि भारतीय सीएला तिथे काही पेपरांतून सूट मिळते. दुबई, मस्कत, दोहा इथे परीक्षा केंद्रेही आहेत. आखातात वाढलेल्या मराठी मुलांना त्यासाठी गावी यावे लागत नाही.

सोसायटीचे ऑडिट करणारे 'सर्टिफाइड ऑडिटर' सीए असतात का?

नेहमी नाही. महाराष्ट्रात जीडीसी अँड ए ही सहकार खात्याची वेगळी पदविका आहे. पदवी, ही पदविका आणि सहकारी संस्थांच्या ऑडिटचा किमान तीन वर्षांचा अनुभव असलेल्यांना, नामिकेत, म्हणजे सहकार खात्याच्या लेखापरीक्षकांच्या यादीत, नाव आल्यावर, सहकारी संस्थांचे लेखापरीक्षण करता येते. त्यांचा अधिकार सहकारी संस्थांपुरताच आहे. सीएलाही हे काम हवे असेल तर सहकार खात्याच्या नामिकेवर यावे लागते. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ८१ मध्ये लेखापरीक्षकाला मराठीचे कामापुरते ज्ञान असण्याची अट आहे. इतिवृत्ते, थकबाकीच्या याद्या, सभासदांच्या तक्रारी सगळे मराठीत असते, आणि मराठी माध्यमातून आलेल्यांना या कामात पहिल्या दिवसापासून फायदा होतो.